घराण्यांच्या वारसांना खुलं पत्र : पेटीतली लय बाहेर काढा

आदरणीय उस्ताद, पंडितजी, बुवा, गुरुजी, आणि त्यांच्या घरातल्या मुलामुलींनो, सुनांनो, नातवंडांनो,

सप्रेम नमस्कार.

समजा, उद्या कुणी कादंबरी लिहिली आणि तिच्यात एक गुप्त पंथ आहे. पंथातली माणसं नादातून काळाचा अभ्यास करतात. काळ ताणतात, आक्रसतात, दुमडतात, एकाच वेळी दोन चालींनी चालवतात. आत शिरायचं तर गुरूच्या हातून मनगटाला दोरा बांधून घ्यावा लागतो. विद्या तोंडी मिळते, मुलाला वेगळी, जावयाला वेगळी, बाहेरच्या शिष्याला वेगळी, आणि काही गोष्टी गुरू शेवटपर्यंत कुणालाच देत नाही. वाचक म्हणतील, कल्पना छान आहे. पण खानदानी तबलजीसमोर ज्यानं कधी मांडी घातली असेल, त्याला यातलं एकही वाक्य काल्पनिक वाटणार नाही. दिल्ली, अजराडा, लखनौ, फरुखाबाद, बनारस आणि पंजाब ही तबल्याची घराणी. पखवाजातल्या कुदऊसिंग आणि नाना पानसे यांच्या परंपरा. ग्वाल्हेर, आग्रा, किराणा, जयपूर-अत्रौली, भेंडीबाजार ही ख्यालाची घराणी. तो पंथ म्हणजे तुम्ही, आणि हे पत्र तुम्हालाच आहे.

मी तबल्याचा विद्यार्थी. थोडंफार शिकवतो, आणि जुन्या स्पूल-कॅसेटी संगणकावर उतरवून देण्याचं काम करतो. त्या कामात जे पाहिलं त्यामुळे हे लिहितोय. माझं मागणं एकच आहे. तुमच्या घरातली लय ज्यांच्या हातात आहे ती माणसं हयात असताना ती वाजवून घ्या, बोटं दिसतील अशी चित्रित करा, आणि तुमच्या अटींवर का होईना, घराबाहेरच्या एखाद्या सुरक्षित जागी ठेवा. नुसती वही जपून ते होणार नाही, नुसती टेप जपूनही होणार नाही.

ज्यांना तबल्याची सवय नाही अशा वाचकांसाठी आधी हे सांगतो, की जपायचं ते नेमकं काय आहे.

तीनताल सोळा मात्रांचा, म्हणजे सोळा ठोक्यांचा. पहिली मात्रा ती सम, नववी ती खाली, आणि सोळा पुऱ्या झाल्या की एक आवर्तन. अकरा मात्रांचा एक पल्ला, म्हणजे तबल्याच्या बोलांचा तुकडा, घ्या, ज्याच्या अकराव्या मात्रेवर ‘धा’ आहे. समेपासून तो लागोपाठ तीनदा वाजवला की तेहतीस मात्रा होतात, म्हणजे दोन आवर्तनं पुरी आणि वर एक. तिसरा ‘धा’ बरोबर समेवर पडतो. हिशेब शाळकरी पोरालाही कळेल. पण ऐकताना काय होतं ते पाहा. पहिला पल्ला समेवरून उठतो, दुसरा बाराव्या मात्रेवरून, तिसरा पुढच्या आवर्तनातल्या सातव्या मात्रेवरून. पहिल्यात नवव्या मात्रेची खाली नवव्या ठिकाणी येते, तिसऱ्यात ती तिसऱ्याच ठिकाणी येते, आणि दुसऱ्यात ती येतच नाही. बोल तेच, हात तोच, वेगही तोच, तरी तीन वेळा तीन निरनिराळ्या गोष्टी वाजल्यासारखं वाटतं. ऐकणाऱ्याच्या मनात जो काळ चालू असतो तो मध्येच निसटतो आणि समेवर पुन्हा हाताला लागतो. टाळी तिथे पडते.

ही तर अगदी प्राथमिक गोष्ट झाली. तिपल्लीत तेच बोल तीन लयींत येतात. अजराड्याचे कायदे (विस्तार करत वाजवायच्या रचना) आडलयीत चालतात, दोनाच्या जागी तीन. डग्ग्यावरची मींड (नाद घसरवत नेणं) त्या तिनाला असा झोल देते की पाय ठेवायला सपाट जागाच सापडत नाही. गाण्यात याची दुसरी टोकं आहेत. उस्ताद अमीर खाँसाहेबांचा झुमरा आठवा. चौदा मात्रांचा ताल, पण मात्रा इतकी लांब की आवर्तन संपायला एक मिनिट लागावं. त्या मिनिटात बसलेला श्रोता घड्याळ विसरतो, आणि तबलजी मात्र एकेका मात्रेच्या आतले चार-चार, आठ-आठ तुकडे मनात मोजत असतो. आपल्या शास्त्रकारांनी तालाचे दहा प्राण सांगितले: काल, मार्ग, क्रिया, अंग, ग्रह, जाती, कला, लय, यती, प्रस्तार. यादीत पहिलं नाव काळाचंच आहे.

आता गुपिताकडे येतो.

तुमच्या आजोबा-पणजोबांनी विद्या लपवली याबद्दल मला त्यांना नावं ठेवायची नाहीत. दरबार होता, दरबारात एक जागा होती, आणि त्या जागेवर घर चालत होतं. कुणाकडेच नाही असा राग, कुणालाच जोड सुचणार नाही अशी गत (तबल्यावरची बांधीव रचना), हीच काय ती मिळकत. जमीन नव्हती, पेन्शन नव्हतं. म्हणून तर गती हुंड्यात दिल्या गेल्या. लखनौच्या बक्षू खाँच्या मुलीचं लग्न हाजी विलायत अली खाँशी झालं तेव्हा सासऱ्यानं जावयाला गती आंदण दिल्या आणि फरुखाबाद घराणं उभं राहिलं, असं तबलजी पिढ्यान्‌पिढ्या सांगत आले आहेत. आंदणातल्या गतीला आजही बैठकीत वेगळा मान असतो. बाहेरच्या शिष्याला बीन (रुद्रवीणा) द्यायचं नाही म्हणून उमराव खाँ बीनकारांनी सूरबहार काढला, अशीही एक कथा आहे. आणि हद्दू-हस्सू खाँनी ग्वाल्हेरला पडद्याआड बसून बडे मोहम्मद खाँची तान उचलली, ही गोष्ट तर ख्याल शिकणाऱ्या प्रत्येकानं ऐकलेली असते. या कथांत खरं किती, भर किती, हा वाद बाजूला ठेवू. त्या इतक्या आवडीनं सांगितल्या जातात यावरून एवढं कळतं की लपवणं आणि चोरणं हे दोन्ही या विद्येच्या अंगवळणी पडलेलं होतं.

लपवण्याची किंमत मात्र माणसांनी मोजली. मोगूबाई कुर्डीकरांसारख्या, लयीचं इतकं अंग असलेल्या गायिकेची जयपूर-अत्रौलीच्या अल्लादिया खाँसाहेबांकडची तालीम मध्येच थांबली, कारण इतर शिष्यांच्या बाजूनं त्यावर हरकत आली. मग खाँसाहेबांचे बंधू हैदर खाँ त्यांना शिकवू लागले, तर तेही बंद पडलं. मोगूबाई पुन्हा गुरूकडे पोचल्या आणि मोठ्या झाल्या, हे त्यांच्या जिद्दीचं यश. ज्यांच्यात ती जिद्द नव्हती किंवा ज्यांना मुंबईत राहणं परवडलं नाही, अशांची नावं आज कुणालाच माहीत नाहीत. रामकृष्णबुवा वझ्यांनीही विद्येसाठी गावोगाव वणवण केली, आणि उतारवयात आपल्याकडच्या चिजा ‘संगीत कला प्रकाश’मध्ये छापून टाकल्या. जे आपल्याला मागून मिळालं नाही ते त्यांनी न मागता दिलं. मला या माणसाबद्दल फार आदर वाटतो.

घराण्यांच्या चिजा जमवून छापणारे पंडित भातखंडे आणि जयपूरचे मोहम्मद अली खाँ यांचा प्रसंग तुमच्यापैकी अनेकांना माहीत असेल. मनरंग परंपरेच्या चिजा खाँसाहेबांचे मुलगे आशिक अली आणि अहमद अली यांनी भातखंड्यांपुढे गायल्या आणि फोनोग्राफवर उतरल्या. वडिलांना कळलं तेव्हा ते संतापले. त्यांचं चुकलं असं मी म्हणणार नाही. घरची ठेव पोरांनी परस्पर दिली होती. पण पुढे समेट झाला, भातखंड्यांनी त्यांना गुरुस्थानी मानलं, आणि त्या चिजा क्रमिक पुस्तक मालिकेच्या सहा भागांतून घरोघर गेल्या. आज आशिक अली आणि अहमद अली यांच्या आवाजाची याद कुणाला नाही, पण त्यांच्या घरातल्या अस्ताया सांगली-नागपूरच्या संगीत विद्यालयातली मुलं परीक्षेला म्हणतात. भातखंड्यांच्या लिपीनं गाणं सपाट झालं, ही तक्रार तुम्ही करता, आणि ती खरी आहे. लिपीत मात्रा दिसते, मात्रेच्या आतली हालचाल दिसत नाही. पण सपाट का होईना, चीज उरली आहे. जी त्यांना मिळाली नाही ती आपल्यालाही मिळालेली नाही.

ज्यांनी उघडपणे दिलं त्यांच्याकडे पाहा. नाना पानसे वाईजवळच्या बावधनचे, इंदूर दरबारात मान मिळवलेले पखवाजी. त्यांनी शिष्य इतके केले की महाराष्ट्रभर त्यांचा बाज पसरला. मुंबईत उस्ताद अमीर हुसेन खाँसाहेबांनी मराठी घरांतल्या पोरांना हातचं न राखता शिकवलं. त्यांचे शिष्य अरविंद मुळगांवकर यांनी ‘तबला’ या पुस्तकातून कित्येक बंदिशी लोकांपुढे ठेवल्या. आळंदीत जोगमहाराजांनी 1917 साली वारकरी शिक्षण संस्था काढली. तिथली खेड्यापाड्यांतली मुलं मृदंग शिकतात, आणि आषाढीच्या वाटेवर दिंडी दिंडीत भजनी ठेका घुमतो. तिथे कुणी कुणाला ठेका लपवत नाही. मृदंगवाल्याचा मान त्यानं कमी होत नाही, आणि ती लय उद्या नाहीशी होईल अशी भीती कुणाला वाटत नाही. 

उलट बाजूला खाप्रुमाम पर्वतकर आहेत. गोव्याचे लयभास्कर. दोन हातांनी दोन ताल, पायांनी आणखी वेगळे, तोंडानं भलतीच मात्रा मोजायची, आणि सगळे एकदम समेवर आणायचे, असं त्यांच्याबद्दल सांगतात. ऐकताना अंगावर काटा येतो. पण आपल्या पिढीच्या वाट्याला आलं आहे ते हे सांगणं. तो हिशेब ते मनात कसा धरत होते, कुठून सुरू करत होते, रियाज कसा करत होते, हे पायरी पायरीनं शिकायचं म्हटलं तर समोर काय ठेवायचं?

आणि लिहून ठेवलं की झालं, असंही नाही. यादवांच्या देवगिरीत, सिंघण राजाच्या पदरी हिशेबाचं खातं सांभाळणाऱ्या शार्ङ्गदेवानं तेराव्या शतकात ‘संगीतरत्नाकर’ लिहिला. तालाध्यायात 120 देशी ताल दिले, लघू-गुरू-प्लुतांच्या (लहान-मोठ्या कालमापांच्या) खुणांसकट, वर प्रस्ताराचं गणितही दिलं. काहीही हातचं राखलं नाही. आज आपण तो ताल कागदावरून मोजू शकतो, टाळी देऊ शकतो. पण देवगिरीच्या वाद्यावर तो कसा बोलत होता, कोणत्या बोटानं कोणता नाद निघत होता, लयीला किती ढील होती, हे कुणालाही सांगता येत नाही. ज्या माणसानं सगळं लिहिलं त्याच्या बाबतीत हे झालं, मग तुमच्या वह्यांचं काय होईल?

ते मी पाहिलं आहे, म्हणून सांगतो. एका तबलजींच्या घरी मला टेप उतरवायला बोलावलं होतं. ते जाऊन बरीच वर्षं झाली होती. पेटीत टेपांच्या खाली एक वही निघाली, रोजमेळाची, लांबट, लाल कापडी पुठ्ठ्याची. अर्धी उधारीच्या हिशेबांनी भरलेली, उलटीकडून बोल. जांभळ्या पेन्सिलीनं लिहिलेले, घामानं की पावसानं फुटलेले. एका पानावर वर लिहिलं होतं: ‘फर्द. मोठे खाँसाहेब. कुणास देऊ नये.’ फर्द म्हणजे जिला जोड नाही अशी एकटी गत. त्याखाली सलग दोन ओळी बोल. मात्रेची खूण नाही, खालीची खूण नाही, सुरुवात कुठून ते नाही. चतस्रात (मात्रेचे चार भाग) बसवून पाहिली तर एक तुकडा लोंबत राहायचा, तिस्रात (तीन भाग) शेवट आखूड पडायचा. घरच्यांनाही काही सांगता येईना. मुलीला तबला शिकवला नव्हता, मुलाला गोडी नव्हती.

मग त्यांच्या एका जुन्या शिष्याचा पत्ता लागला. वय झालेलं, हाताला कंप, वाजवणं सुटलेलं. त्यांना मी वही वाचून दाखवायला लागलो तर त्यांनी हात वर करून थांबवलं आणि गुडघ्यावर ताल धरून पढंत, म्हणजे बोल तोंडानं म्हणणं, सुरू केली. गत समेवरून उठतच नव्हती. नवव्या मात्रेवरून, खालीवरून उठत होती. मध्ये अर्ध्या मात्रेचा दम (थांबा) होता, तो कागदावर कुठेच नव्हता, कारण दम लिहायचा कसा? तो दम घेतल्यावर शेवटचे बोल जागच्या जागी बसले. मग ते म्हणाले, इथलं ‘तिरकिट’ पुरबाच्या (लखनौ-बनारसकडच्या) हातानं, पंजानं, आणि पुढचं दोन बोटांनी, दिल्लीच्या निकासानं, म्हणजे बोल काढायच्या पद्धतीनं. गंमत त्या बदलातच आहे. लिहिताना दोन्ही ‘तिरकिट’ सारखीच दिसतात. मी फोनवर ते सगळं टिपून घेतलं. ते गृहस्थ भेटले नसते तर त्या पानावर जांभळी अक्षरं तेवढी उरली असती, आणि ‘कुणास देऊ नये’ ही आज्ञा अगदी पुरी पाळली गेली असती.

तुमच्याकडे अशा किती वह्या आहेत? त्या वाचू शकणारी माणसं किती आहेत, आणि ती किती वयाची आहेत?

टेपांबद्दलही सांगायला हवं, कारण घरोघरी असा समज आहे की ‘आमच्याकडे सगळं रेकॉर्डिंग आहे’. असेलही. पण टेपवरचा तपकिरी थर दमट हवेत सुटत जातो, टेप चिकटते, बुरशी येते. कोकणात आणि मुंबईत तर फारच लवकर. दुसरी गोष्ट वेगाची. घरगुती स्पूल मशीनवर सेकंदाला साडेसात इंच आणि पावणेचार इंच असे वेग असत. कोणत्या वेगानं घेतलं ते डब्यावर लिहिलेलं नसेल तर ऐकणाऱ्याला दुप्पट किंवा निम्मी लय ऐकू येते. एवढा फरक निदान लगेच कळतो. बारीक फरक जास्त वाईट. जुन्या तबकड्या सगळ्याच मिनिटाला 78 फेऱ्यांनी कोरलेल्या नव्हत्या. कुठली थोडी कमी, कुठली थोडी जास्त. 74 फेऱ्यांनी कोरलेली तबकडी 78नं वाजवली तर पांढरी एकचा षड्ज जवळजवळ काळी एकला, म्हणजे अर्ध्या सुरानं वर, जाऊन बसतो आणि लयही तेवढीच चढते. मग आपण म्हणतो, अमुक बाईंचा आवाज किती टिपेचा होता, किती द्रुत गात. त्या तशा गातच नसतील! कोणत्या पट्टीत गात, कोणता तानपुरा होता, संथ म्हणजे त्यांच्या दृष्टीनं किती संथ, हे सांगणारं कुणी घरात असेल तरच वेग दुरुस्त करता येतो. म्हणजे पुन्हा जिवंत माणूसच लागतो.

1902च्या नोव्हेंबरात कलकत्त्यात गायिका गौहरजान ध्वनिमुद्रणाच्या कर्ण्यासमोर उभ्या राहिल्या आणि तासाभराचा ख्याल जेमतेम तीन मिनिटांत बसवण्याची विद्या आपल्या कलावंतांना शिकावी लागली. अनेकांनी तबकडीला नकार दिला. काहींना वाटलं आवाज जाईल, काहींना वाटलं विद्या जाईल. जयपूर-अत्रौलीच्या गायिका केसरबाई केरकर ध्वनिमुद्रणाच्या बाबतीत अतिशय काटेकोर, रेडिओपासून लांब, शिकवण्यातही हात आखडता. त्यांची तीन-साडेतीन मिनिटांची भैरवी 1977 साली व्हॉयेजर अंतराळयानांवरच्या सोनेरी तबकडीत गेली आणि त्याच वर्षी सप्टेंबरात त्या गेल्या. ती भैरवी आज ताऱ्यांमधल्या अवकाशात आहे. गाणं उरलं ते त्या थोड्याशा तबकड्यांमुळे, आणि धोंडुताई कुलकर्णी नावाच्या शिष्येमुळे. केसरबाईंच्या ऐन उमेदीतली एक अख्खी रात्रीची मैफल, आवर्तनामागून आवर्तन, समोर बसून ऐकल्यासारखी मिळाली असती तर जयपूरच्या लयीबद्दलचे आपले किती वाद मिटले असते!

तुमच्या हरकती मला माहीत आहेत. त्या फुसक्या नाहीत.

पहिली: बाहेर दिलं की चोरी होते. कुणीतरी आपल्या नावानं वाजवतं, यूट्यूबवर टाकतं, घराण्याचं नावही घेत नाही. खरं आहे. पण विचार करा, चोरी सिद्ध कशानं होते? अमुक तारखेला, अमुक उस्तादांनी, अमुक गुरूंचं नाव घेऊन ही गत वाजवली, असं मुद्रण जमा असेल तरच. आपल्या कायद्यात ध्वनिमुद्रणाला 60 वर्षांचं आणि कलाकाराच्या सादरीकरणाला 50 वर्षांचं संरक्षण आहे. जी गत कुणी ऐकलेलीच नाही तिच्यावर हक्क सांगायला तुमच्याकडे काय असतं? उस्ताद झाकीर हुसेन मंचावरून सांगायचे, ही गत अमक्या खाँसाहेबांची, ही तमक्यांची. हजारो लोकांनी ती नावं पहिल्यांदा त्यांच्या तोंडून ऐकली. नाव घेऊन वाजवलेली गत चोरणं अवघड जातं. 15 डिसेंबर 2024ला झाकीरभाई गेले त्यानंतर कित्येक दिवस आम्ही तबल्याची मंडळी एकमेकांना त्यांच्या वादनाचे तुकडे पाठवत होतो. त्यांच्या बाबतीत पाठवायला खूप काही होतं, म्हणून.

दुसरी: तालीम नसलेल्याच्या हाती पडलं तर बिघडेल. बिघडेलच. पण ज्याला शिकायचं आहे त्याला बरोबर काय ते तपासायला मूळ मिळेल. मूळच नसेल तर बिघडलेलंच पुढे मूळ म्हणून चालेल. हे मी ऐकतो आहे. विद्यार्थी मला एखादा कायदा वाजवून दाखवतात, मोबाईलवर कुणाचं तरी पाहून उचललेला, आणि त्यातली बोटं साफ चुकीची असतात. बरोबर बोटं तुमच्या घरी आहेत, पण ती त्याला दिसणार कुठे?

तिसरी हरकत कुणी मोठ्यानं बोलत नाही. दिलं तर आपल्याकडे काय उरेल? मी लहान आहे, तरी बोलतो. तुमच्याकडे उरेल ते समोर बसवून शिकवणं. दम कुठे घ्यायचा, गत कुठे सोडायची, कोणत्या साथीला कोणता ठेका, गवय्या थकलाय हे त्याच्या मानेवरून कसं ओळखायचं. हे व्हिडिओ पाहून येत नाही आणि येणारही नाही. त्यासाठी लोक तुमच्याच दारी येतील, पूर्वीपेक्षा जास्त येतील, कारण दाराआड काय आहे ते त्यांना कळलेलं असेल.

दर्शन देऊन कुलूप तुमच्याकडे ठेवायची सोयही आहे. गुरुग्रामला 1982 साली सुरू झालेलं एथ्नोम्युझिकॉलॉजीचं (लोकांच्या संगीतपरंपरांच्या अभ्यासाचं) संग्रहालय आहे, मुंबईत एनसीपीए (नॅशनल सेंटर फॉर द परफॉर्मिंग आर्ट्स) आहे, कोलकात्यात संगीत रिसर्च अकादमी आहे, दिल्लीत संगीत नाटक अकादमी आहे. संगीताचे अभ्यासक अशोक दा. रानडे यांच्यासारख्या माणसानं आयुष्यभर सांगितलं की आपलं संगीत मौखिक आहे म्हणूनच त्याचं दस्तऐवजीकरण जास्त काळजीनं व्हायला हवं. ठेव देताना अटी घालता येतात. दहा वर्षं कुणाला ऐकवू नका म्हणा. फक्त संग्रहालयात बसून ऐकू द्या म्हणा. घराण्याच्या शागिर्दांनाच द्या म्हणा. लेखी घ्या, प्रत स्वतःकडे ठेवा. पण ठेवा.

मुलींबद्दल मला वेगळं बोलायचं आहे. किती घरांत तबला मुलाला दिला गेला आणि मुलगी दाराच्या आतून ऐकत राहिली! तिला गती पाठ असतात. हात बसलेला नसतो, पण पढंत चोख असते, कोणती गत कुठून आली तेही माहीत असतं. सुनांनाही माहीत असतं, कारण बैठकीचा चहा त्याच करत होत्या. टेप उतरवायला गेलो की ‘ही गत अण्णा रागावले की वाजवायचे’ असं काहीतरी आतल्या खोलीतून कानावर येतं, आणि नेमकं तेच कुठल्या वहीत नसतं. या बायकांना कॅमेऱ्यासमोर बसवा. त्यांची पढंत घ्या. घराण्याच्या इतिहासात त्यांचं नाव लिहा. हे करायला कुणाच्या परवानगीची वाट पाहू नका.

शिष्यमंडळींनाही सांगणं आहे. गुरुजींना विचारायला संकोच वाटतो, ‘म्हाताऱ्याच्या मरणाची वाट बघतोय’ असं वाटेल अशी भीती असते. म्हणून येत्या गुरुपौर्णिमेला विचारा. त्या दिवशी सगळे जमतात, गुरुजी खुशीत असतात, हातून दोन गोष्टी जास्त सुटतात. एक फोन समोर, एक वरून बोटांवर. आधी पढंत, हाताची टाळी दिसेल अशी. मग सावकाश वाजवून. मग लयीत. मग गुरुजींना विचारा की ही कुणाकडून आली, कुठल्या साली, कुणासमोर वाजवली, आणि ते जे सांगतील ते मध्ये न तोडता बोलू द्या. षड्ज कोणता आहे तो तानपुऱ्यावर आधी वाजवून घ्या, म्हणजे पुढे वेगाचा घोळ होणार नाही. फाईलला नाव, तारीख, ताल आणि गुरुपरंपरा लिहा. एक प्रत गुरुजींच्या घरी, एक बाहेर.

ज्यांच्या घरी स्पूल किंवा कॅसेटी आहेत त्यांनी त्या स्वतः मशीनवर लावून बघू नयेत. चिकटलेली टेप पहिल्याच वेळी तुटते किंवा तिचा थर मशीनवर उतरतो. डब्यावरचं एकही अक्षर पुसू नये, खोडलेलंही. पावसाळ्याआधी त्या कोरड्या जागी, जमिनीपासून उंच, उभ्या ठेवाव्यात, आणि ज्याला हे काम येतं अशा जवळच्या माणसाकडे किंवा संग्रहालयाकडे द्याव्यात. माझ्याकडे आणल्यात तर मी पैसे घेणार नाही, आणि तुमच्या परवानगीशिवाय एक मात्राही कुणाला ऐकवणार नाही. हे मी या पत्रात सगळ्यांसमक्ष लिहून देतो.

आपला नम्र,
तबल्याचा एक विद्यार्थी